तळाची एक मूठ

सावाच्या आणि शेजारच्या नुईसानच्या घरांमध्ये भिंत होती असं आपलं म्हणायचं. बांबूच्या कामट्यांवर माती लिंपलेली आणि त्यावर जुन्या वर्तमानपत्रांचे थर. पलीकडे नुईसानने चहावर फुंकर घातली तरी अलीकडे कळायची. गल्लीत समोरासमोर सहा-सहा खोल्या, मधे गटारावर टाकलेल्या फळ्या, टोकाला एक हापसा आणि त्याच्या मागे सगळ्यांचे मिळून दोन संडास. आज कोणाच्या चुलीवर मासळी आहे, कोणाच्या नवऱ्याला काम मिळालं नाही, कोण कोणाशी बोलत नाही, हे त्या बारा घरांत कोणाला विचारावं लागत नसे. युद्धात विमानांनी टोकियोवर आगीचा पाऊस पाडला तेव्हा नदीच्या या अंगाचं सगळं जळालं होतं. ही एवढी गल्ली कशी वाचली ते देव जाणे. कुमे म्हणायची, "आगीलासुद्धा आत शिरायला जागा मिळाली नसेल." कुमे ही हापशाजवळच्या खोलीतली, पिंपं बांधणाऱ्याची बायको.

सावा या गल्लीत आली ती लग्न होऊन, युद्ध संपल्यावर दुसऱ्या वर्षी. तिचा नवरा एइकिची लाकडी खडावा करायचा. तो पुढच्या पडवीत रंधा मारत बसे आणि ती आत खडावांचे कापडी पट्टे शिवी. तिच्या बोटांना कायम खळ चिकटलेली असायची. शिवणकामात तिचा हात सफाईचा होता आणि तिला ते ठाऊक होतं. स्वयंपाकात मात्र ती अडायची, त्यातही लोणच्यात. तिच्या समुद्रकाठच्या गावात मुळा मिठात दाबला की झालं लोणचं. इथे टोकियोत तांदळाचा कोंडा, मीठ आणि पाणी कालवून बरणीत ठेवायचं, रोज हाताने ढवळायचं, आणि त्यात काकड्या-वांगी पुरायची. सकाळी पुरलेली काकडी संध्याकाळी काढून, धुऊन, कापून खायची. ऐकायला किती सोपं! पण सावाच्या बरणीतली काकडी कधी नुसती खारट निघे, कधी इतकी आंबट की एइकिची म्हणे, "जपून ठेव हे. खिळ्यांचा गंज काढायला बरं पडेल."

आणि मग तो हमखास म्हणायचा, "जा ना शेजारी, नुईसानकडून दोन फोडी घेऊन ये."

नुईसानची बरणी गल्लीत प्रसिद्ध होती. मुलं तिला लोणचेआजी म्हणत, जरी तेव्हा ती साठीचीही नव्हती. काकडीची एक फोड चहाबरोबर खाल्ली तरी तोंडाला दिवसभर चव राहायची. ती बरणी तिच्या आईची होती, आणि त्यातला कोंडा आईच्याही आधीचा. कोंडा कधी संपत नाही. कमी झाला की वरून मूठभर नवा घालायचा, खालचा जुना त्याला आपल्यासारखा करून घेतो. दह्याचं विरजण चालत आलेलं असतं तसंच.

आगीच्या त्या वेळी नुईसान नदीच्या वरच्या बाजूला राहत होती. लोकांनी देव्हाऱ्यातल्या पितरांच्या पाट्या छातीशी धरून धाव घेतली आणि ही बाई लोणच्याची बरणी पाठुंगळी बांधून पळाली. पुढे वर्षानुवर्षं लोक तिला त्यावरून हसले, तीही त्यांच्याबरोबर हसली. हसण्यामागचं सावाला कुमेने सांगितलं. नुईसानला एकच मुलगी होती, तोमी नावाची. सातव्या वर्षापासून बरणी ढवळायचं काम तोमीचं. त्या दिवशीही कारखान्यात पाळीला जाताना तिने बरणी ढवळली, हात धुतले आणि गेली. ती परत आली नाही. काही मिळालंही नाही तिचं.

"आणि हाताची चव कोंड्यात उतरते गं," कुमे म्हणाली होती. "तुला काय सांगायचं म्हणा, तुझा कोंडा वेगळा."

रोज सकाळी तोफूवाल्याची पिपाणी वाजून गेली की भिंतीपलीकडे बरणीचं लाकडी झाकण सरकायचं. मग ओल्या कोंड्यात हात खालीवर होण्याचा पचपच आवाज, आणि त्याबरोबर नुईसानचं बोलणं. "आज वांगी काही चांगली नव्हती बघ. उद्या बघू. अगं, त्या कुमेने केस कापलेत, तू असतीस तर हसून लोळली असतीस." सुरुवातीला सावाला वाटलं कोणी पाहुणी आलीय. ती तोमीशी बोलते हे नंतर कळल्यावर सावा त्या वेळी मुद्दाम भांडी वाजवायची. दुसऱ्याच्या पूजेत कान घालू नये.

अशी नऊ-दहा वर्षं गेली. नुईसानच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. ती हापशाची बादली भरली की नाही ते बोट बुडवून बघायला लागली तेव्हा गल्लीने मिळून तिला इस्पितळात जायला लावलं. ऑपरेशन झाल्यावर डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या लावून, ते न हलवता तीन आठवडे पडून राहायचं होतं. जायच्या आदल्या दिवशी तिने सावाला हाक मारली.

"सावा, तिला तुझ्यावर सोपवून जातेय."

"मला?" सावा म्हणाली. "कुमेसानला सांगा की. माझा हात तुम्हाला माहितीय."

"कुमे त्यात हात घालेल आणि तोंडही. तू रोजचं काम रोज करणारी आहेस. रोज एकदा. हाताने, पळीने नाही. तळापर्यंत जायचं. खालचं वर, वरचं खाली. मग थापून सपाट करायचं, कडा पुसायच्या. तुझ्या काकड्याही घाल, खा. बस्स."

"आणि काही बिघडलं तर?"

"तिला काय होतंय? ती युद्धाला पुरून उरलीय," असं म्हणून नुईसानने विषय संपवला. जे तिला श्वासासारखं होतं ते सांगायचं तिच्या मनातही आलं नाही.

पहिले दहा दिवस सावाने एकही दिवस चुकवला नाही. खळ घासून धुवायची, कोपरापर्यंत बाही चढवायची आणि शेजारी जाऊन हात घालायची. वर कोमट, खाली गार. तिला ते आवडायला लागलं. अकराव्या दिवशी तिने स्वतःची दोन वांगी त्यात पुरली आणि संध्याकाळी एइकिचीच्या ताटात वाढली. रंग असा खुलला होता की जांभळा म्हणावा की निळा. एइकिचीने एक फोड खाल्ली, दुसरी खाल्ली, डोळे मिटले.

"याला म्हणतात हात," तो म्हणाला. "नुईसान इस्पितळात पडलीय, तरी बघ."

"दहा दिवस मी ढवळतेय ती बरणी."

"तू ढवळतेस गं. चव तिची आहे."

त्यात वाईट काही नव्हतं, आणि खोटं तर नव्हतंच. पण दहा वर्षांच्या खारट काकड्या सावाच्या घशाशी आल्या. दुसऱ्या दिवशी पिपाणी वाजली, ती उठली नाही. एक दिवस नाही ढवळलं तर काय होतंय, तिची चव आहे ना, बघू दे तिलाच. त्याच्या पुढच्या दिवशी देवळाच्या जत्रेसाठी पट्ट्यांची मोठी मागणी आली आणि सुईतून डोकं वर काढता आलं नाही. मग उकाडा असा पडला की गटारावरच्या फळ्या वाकल्या. हापशावर पाणी भरताना तिला आठवायचं, आत्ता जाते, असं ती मनाशी म्हणायची. पण आता पाय उचलत नव्हता, कारण आता झाकण उघडून बघायची भीती होती. असे पाच दिवस गेले.

सहाव्या दिवशी हापशावर कुमे नाक वर करून उभी होती. "सावा, वास कसला गं येतोय? तुमच्याच बाजूने. काही मेलंय का?"

"चामड्याच्या कारखान्याचा असेल," सावा म्हणाली. "वारा फिरलाय."

ती नुईसानच्या घरात गेली, दार लावून घेतलं, झाकण काढलं. भिंतीला नुकताच चुना फासावा तसा पांढरा थर बरणीच्या तोंडावर पसरला होता. वास उग्र, डोळ्यांत जाणारा, रॉकेलसारखा. सावाने झाकण परत ठेवलं आणि तशीच गुडघ्यांवर बसून राहिली.

तिने कोणाला विचारलं नाही. विचारायचं तर कुमेला विचारावं लागलं असतं, आणि कुमेला विचारणं म्हणजे सगळ्या गल्लीला सांगणं. खडावा करणाऱ्याच्या बायकोने नुईसानची बरणी मारली. तोमीची बरणी मारली. दुपारी सगळी गल्ली जत्रेची पालखी बघायला गेली. एइकिची तर पालखीला खांदा द्यायला. ढोलाचा आवाज लांबून येत होता. सावाने धुण्याच्या घंगाळात बरणी पालथी केली, तळ हाताने खरवडून खरवडून काढला, वर ओल्या चादरी टाकल्या आणि घंगाळ कमरेवर घेऊन कालव्यावर गेली. कोंडा पाण्यात पडला, थोडा वेळ ढगासारखा दिसला आणि खाली गेला. दोन बदकं आली, चोच मारून बघितली आणि निघून गेली.

मग तिने बरणी उकळत्या पाण्याने घासली. इतकी घासली की मातीचा वाससुद्धा राहिला नाही. तांदूळवाल्याकडून ताजा कोंडा आणला, भाजला, मीठ-पाणी घातलं, सुक्या मिरच्या, मोहरी, समुद्रातल्या शेवाळाची सुकी पट्टी घातली. तिला येत होतं ते सगळं केलं. आणि त्या दिवसापासून एक दिवस चुकवला नाही. सकाळी ढवळायची, संध्याकाळी ढवळायची.

जत्रेनंतरच्या रविवारी ती इस्पितळात भेटायला गेली. नुईसान डोळ्यांवर पट्ट्या बांधून लाकडासारखी पडली होती.

"कोण, सावा? पायरव तुझा वाटला. ती बरी आहे ना?"

"बरी आहे."

"उकाड्यात त्रास नाही ना दिला?"

"नाही. रोज ढवळते."

नुईसानने चादरीखालून हात काढला, चाचपत सावाचा हात धरला आणि नाकाशी नेला. "वास नाही गं येत तिचा."

"खळीचं काम असतं ना," सावा म्हणाली. "साबणाने फार घासावा लागतो."

"हो, बरोबर," नुईसान म्हणाली, आणि हात तसाच धरून राहिली.

नुईसान घरी आली ती काळा चष्मा लावून, एका डोळ्यावर अजून पट्टी. गल्ली तिला बघायला जमली. कुमेने विचारलं, "आता आम्ही कसे दिसतो?" तर ती म्हणाली, "एकाच डोळ्याने बघतेय म्हणून निभावतंय." सगळे हसले आणि आपापल्या घरी गेले. सावा मागे राहिली. नुईसान भिंतीला हात लावत कोपऱ्यापर्यंत गेली, बसली, बाही वर केली, झाकण काढलं आणि बरणीत हात घातला.

हात मनगटापर्यंत गेला. मग कोपरापर्यंत. आणि तिथे थांबला. बाहेर कोणीतरी हापसा मारत होतं, त्याचे ठोके सावाने मोजले. चौदा झाले.

"सगळंच?" नुईसानने विचारलं.

आवाजात राग नव्हता. एखादी वस्तू खाली पडून फुटल्यावर आत बसलेलं माणूस विचारतं, तसं विचारलं. एका शब्दात उत्तर देता आलं असतं. पुढे सावाला वाटायचं, तेव्हा 'हो' म्हणायला तोंड किती उघडावं लागलं असतं?

"काय सगळंच?" ती म्हणाली.

नुईसानने हात वर काढला, निपटला, कोंडा थापून सपाट केला, कडा पुसल्या. "काही नाही," ती म्हणाली. "कडा छान स्वच्छ ठेवल्यास."

दुसऱ्या दिवशी पिपाणी वाजली. भिंतीपलीकडे झाकण सरकलं. सावा भांडी न वाजवता उभी राहिली. पचपच आवाज आला, खालचं वर, वरचं खाली. बोलणं आलं नाही. त्याच्या दुसऱ्या दिवशी नाही, त्याच्या पुढच्याही नाही. बाई रोज बरणी ढवळायची, पण आता ते नुसतं काम होतं, भांडी घासावी तसं. तेव्हा सावाला कळलं, आपण कालव्यात काय टाकून आलो ते.

पण खरं जे होतं ते कळायला पुढचा उन्हाळा उजाडला. कोपऱ्यावरच्या घरात रित्सु नावाची नवी सून आली होती, वीसची पोर. एके सकाळी ती हापशावर रडतच आली. माहेरच्या चार दिवसांत तिची बरणी पांढरी पडली होती आणि सासू संध्याकाळी यायची होती.

"टाकून दे," कुमे म्हणाली. "सासूला सांग मांजराने पाडली."

"मांजर कुठेय आमच्याकडे?"

"मग आधी मांजर आण."

"टाकू नकोस," नुईसान म्हणाली. ती भाजी धूत होती. "पांढरं पडतंच, दर उन्हाळ्यात पडतं. वरचं दोन बोटं खरवडून काढ. खालचं बघ, चांगलं असेल. मूठभर मीठ घाल, नवा कोंडा घाल, चार दिवस काही पुरू नकोस. आगीच्या वेळी मला अकरा दिवस झाकण उघडायला मिळालं नव्हतं. एवढा थर होता." तिने बोटांनी दाखवलं. "आणि अगदीच हाताबाहेर गेलं, तर तळाची एक मूठ ठेवायची. एका मुठीतून सगळी बरणी परत येते."

हे ती रित्सुला सांगत होती. सावाकडे तिने बघितलं नाही, एकदाही नाही, आणि भाजी धुवायची थांबलीही नाही. बघितलं कुमेने. "ऐकतेयस ना सावा? कान दे जरा, तुझंही लोणचं सुधारेल."

सावाचा हात हापशाच्या दांड्यावर होता. तिला आठवलं, तळ हाताने किती खरवडून काढला होता. नखांत गेलेलंसुद्धा धुऊन काढलं होतं.

ऑगस्टात पितरांचे दिवस आले. सावाने चिकट भाताचे गोळे केले, लाल चवळीच्या गोड पुरणात घोळले आणि ताटली घेऊन शेजारी गेली. दोन गोळे तोमीच्या पाटीपुढे ठेवले, उदबत्ती लावली, हात जोडले. मग वळून नुईसानपुढे मांडी मोडून नीट बसली, चटईला हात टेकले.

"नुईसान, मला एक सांगायचंय. गेल्या वर्षी तुम्ही इस्पितळात होतात तेव्हा..."

"गेल्या वर्षीचं गेल्या वर्षी," नुईसान म्हणाली. चष्म्यामागचे डोळे आता स्वच्छ दिसत होते. तिने ताटलीतला एक गोळा उचलून सावाच्या हातावर ठेवला. "खा. पुरणात चिमूटभर मीठ घातलंस ना? कळतंय. चांगलं झालंय."

सावाने खाल्लं. जन्मभर तिला वाटत राहिलं की तो घास तेव्हा घ्यायला नको होता. हात तसाच ठेवून सांगून टाकायला हवं होतं. समोरची बाई सोडून देत होती ते तिच्या मोठेपणाने, आणि आपण सुटलो ते आपल्या भित्रेपणाने. पण गोड घास गिळल्यावर ते शब्द परत वर येत नाहीत.

नुईसान त्यानंतर पाच वर्षं जगली. बरणीतलं लोणचं हळूहळू लागायला लागलं. गल्लीत फोडी जायच्या, सावाकडेही यायच्या, आधीसारख्याच, झाकलेल्या वाटीतून. एइकिची खायचा आणि म्हणायचा, "नुईसानचा हात तो हात." सावा वाटी धुवायला घ्यायची. एका फेब्रुवारीत नुईसानला छातीत सर्दी भरली आणि चार दिवसांत सगळं आटोपलं. गावाकडून पुतण्या आला. त्याने गादी बांधली, पितरांच्या पाट्या घेतल्या आणि बरणीचं झाकण उघडून लगेच लावलं.

"हे कोणी घेणार असेल तर घ्या. मोटारीत वास सुटेल."

कुमे एकदम म्हणाली, "सावाला द्या." सावाने दचकून तिच्याकडे बघितलं. "बघतेस काय? तीच म्हणाली होती. म्हणाली, ती बरणी सावाची आहे, तिच्याकडेच जाऊ दे. मला वाटलं तापात बोलतेय."

गल्लीच्या दोन्ही बाजू पुढच्या वर्षी रस्ता रुंद करण्यात गेल्या. बारा घरं बारा दिशांना झाली. सावा आणि एइकिची महापालिकेच्या इमारतीत चौथ्या मजल्यावर आले. लाकडी खडावा आता कोणी घालत नाही. एइकिची चपलांच्या कारखान्यात यंत्रावर बसतो आणि घरी आला की म्हणतो, आज दिवसभरात लाकडाला हात लागला नाही. नळ घरात, संडास घरात. भिंती सिमेंटच्या. शेजारी कोण राहतं ते पाटीवर वाचायचं. सकाळी कान दिला तरी पलीकडून काही येत नाही.

बरणी ओट्याखाली गार जागी आहे. त्यातला कोंडा सावाने एका जत्रेच्या आठवड्यात भाजलेला, नुईसानने सहा वर्षं ढवळलेला. आता काकड्या चांगल्या मुरतात. खालच्या मजल्यावरची बाई एकदा चव घेऊन म्हणाली, काय हात आहे तुमचा. सावा म्हणाली, माझा नाही. बाईला वाटलं, किती विनय.

पहिली काही वर्षं ती मुकाट्याने ढवळायची. बोलायचा आपल्याला हक्क नाही असं तिला वाटे. परवा मात्र सकाळी हात कोपरापर्यंत गेला, तळाशी गार लागलं, आणि तिथे तो थांबला.

"हो, नुईसान," ती म्हणाली. "सगळंच. एक मूठसुद्धा ठेवली नाही मी."

गॅलरीत दाढी करणाऱ्या एइकिचीने साबण लावलेलं तोंड आत घातलं. "कोण आलंय?"

"कोणी नाही." तिने कोंडा थापून सपाट केला, कडा पुसल्या. "काकड्या किती काढू?"